आयरोन

आईला म्हटलं, ह्याला आयरोन म्हणतात.
ती वाकड्या सुरीनं कंद सोलत होती,
पायाशी पाण्याचं घमेलं, बोटांना मातीचा रंग.
"कशाला?"
ह्या वासाला.
"ताज्या कंदाला कुठला वास?
कच्च्या बटाट्याचा येतो, फार तर."

बरोबर आहे तिचं.
सान पोलोच्या ह्या उतारावर, ऑलिव्हच्या ओळींमधल्या पट्टीत
तीन वर्षं कंद जमिनीत.
मग जुलैत उपटायचे, सोलायचे, बोरूच्या चटईवर वाळवायचे,
आणि तागाच्या पोत्यात आणखी तीन वर्षं
काहीच करायचं नाही.
हे काहीच न करणं आईला उत्तम जमतं.
मी फिरेंझेच्या प्रयोगशाळेत
बाविसाव्या मिनिटाला कागदावर उठणाऱ्या
एका टोकाची वाट बघते,
त्याच्यावर नाव लिहिते, खाली आकडा,
त्याखाली सही : नीव्हेस पोच्चांती.

आईच्या तोंडी हे फूल जाज्जोलो.
शहराच्या ध्वजावर हेच आहे, शहर त्याला लिली म्हणतं.
शाळेत आयरिस शिकवलं, इंद्रधनुष्याच्या देवीवरून,
आणि व्यापाऱ्याच्या वहीत नुसतं
"मूळ, पांढरं, दुसरी प्रत".
ज्यानं त्यानं नावं ठेवली,
कंद कुणालाच ओ देत नाही.

राहिलं शब्दाचं शेपूट, ओन.
नखांचा रंग पुसायच्या ॲसिटोनला असतं तेच.
विद्यापीठात म्हातारे बाल्दुच्ची सर फळ्याकडे पाठ करून सांगायचे :
कार्बननं ऑक्सिजनला दोन्ही हातांनी धरलं की कीटोन,
हे परीक्षेपुरतं.
पण हे शेपूट आलं म्हणे ग्रीकमधून,
तिथं त्याचा अर्थ, अमक्याची लेक.
ॲसिटोन, व्हिनेगरची लेक.
आयरोन, इंद्रधनुष्याची.

हेही आईला सांगितलं.
सुरी थांबली नाही.
"लेक? मग सहा वर्षं मुकी का बसली?"
आणि बऱ्याच वेळानं, सालीचं वेटोळं घमेल्यात टाकत :
"तूही चार वर्षांची होईतो बोलली नव्हतीस.
तुझी आत्या म्हणाली, डॉक्टरला दाखव.
मी म्हटलं, वाळू दे."

शंभरावर वर्षांपूर्वी जर्मनांनी
हिला काचेत घडवायचं ठरवलं.
हाती लागली बहीण. आयोनोन, व्हायोलेटच्या नावाची,
एक कार्बन, दोन हायड्रोजन कमी.
ती स्वस्त पडली, साबणात नांदायला गेली.
नाकाला भेटते आणि लगेच नाहीशी होते.
(ती तिथंच असते. नाक थकतं.)
हिचा नीट चेहरा ओळखायला
आणखी अर्धं शतक गेलं.

परवा एक नमुना आला,
भट्टीत पिकवलेला, नऊ दिवसांचा.
टोक उंच, आकडा भरघोस.
मी सही केली. त्यात खोटं काहीच नव्हतं.
तरी घरी येताना बसमध्ये
पेनचं टोपण लावत, काढत राहिले.

कोठीत तीन पोती आहेत,
खडूनं वर फक्त साल लिहिलेलं.
सगळ्यांत जुन्यात मी नाक खुपसलं :
गाजर, थंड पावडर, कोरी वही,
कुणीतरी नुकताच काढून ठेवलेला हातमोजा.
ह्यातलं सूत्रात काहीच दिसत नाही,
चौदा कार्बन, बावीस हायड्रोजन, एक ऑक्सिजन.
आईला तर हा वास येतच नाही,
सालोसालच्या धुळीनं तिचं नाक कधीच गेलं.
ती पोतं उचलून बघते,
हलकं लागलं की म्हणते, झालं.

"आयरोन," मी पोत्यात तोंड घालून म्हटलं.
ताग आवाज पिऊन टाकतो.
दारातून आईनं विचारलं,
"कोणाला हाक मारतेस?"