जानारनी पावती

अवधानच्या जिनिंगमध्ये रात्रीचे सव्वादोन.
गठाणींचा शेवटचा ट्रक गेला,
आता नेट का बंद म्हणून कोणी ओरडणार नाही.
पारा सहावर. सर्व्हरच्या जाळीवर रुई साठलेली,
चिमटीत धरली की वातीसारखी वळते.

या एका पेटीत चार यंत्रं नांदतात :
वजनकाट्याचं, हिशेबाचं, कॅमेऱ्यांचं,
आणि चौथं, ज्याला ना पत्रा ना दिवा,
तरी त्याच्या हाताखालून गेल्याशिवाय
एक अक्षर आत येत नाही.
आज त्याचं अपडेट.

आधी स्नॅपशॉट.
मागे एकदा घेतला नव्हता,
तेव्हा छाजेड शेठनी दोन दिवस कापूस वहीत मांडला.
ती वही ते अजून दाखवतात.
मग नव्या फाइलची बेरीज ताडली, बोट ठेवून,
मग दोन्ही ब्रिज पाहिले, आतला आत, बाहेरचा बाहेर.
पहिल्या रात्री मी ते उलटे जोडले होते,
घर रस्त्यावर आणि रस्ता घरात.

रीबूट.
कन्सोल काळा. काळाच.
बघत बसले तर लवकर उठत नाही, हा अनुभव,
म्हणून गेटवर गेले.

लोटन आप्पा पऱ्हाट्या जाळत बसलेले.
"काय बदली ऱ्हायनी ताई?"
म्हटलं, आतला पहारेकरी.
"मंग तो जानारले इचारस का?
येनारवर ते कुत्रं बी भुकस.
जानारनी पावती देखनी पडस."

हसले. हात शेकले. परत आले.
लॉगिन वाट पाहत होतं.
येणाऱ्यांसाठी एकेचाळीस नियम, सगळे जागेवर.
जाणाऱ्यांसाठी एकच ओळ :
कोणीही, कुठेही, जाऊ द्या.
शेजारी शेरा, "तात्पुरतं",
तारीख तीन वर्षांपूर्वीची, अक्षरं माझी.

आणि लॉगमध्ये कॅमेऱ्यांचं यंत्र
दर चार मिनिटांनी
कुठल्याशा अनोळखी पत्त्याशी बोलत होतं.
किती दिवसांपासून,
ते सांगायला जुना लॉग उरलेला नव्हता.

ती ओळ खोडली. साडेचारपर्यंत नवे नियम लिहिले,
शेवटचा, उरलेल्या सगळ्यांना नाही.
शेऱ्याच्या रकान्यात टाकलं :
लो. आप्पांच्या सांगण्यावरून.

सात वाजता पहिला फोन.
वजनाचे एसेमेस जात नाहीत.
बरोबर आहे, म्हटलं,
त्यांची पावती करायची राहिली.