कडेची मेंढी

घोडी पुढं, मेंढरं मागनं.
घोडीवर आमचं घर लादलेलं:
वाघरीची जाळी, परात, पाण्याचा कॅन,
पाय बांधलेल्या दोन कोंबड्या,
आणि गोधडीत परवाचं कोकरू,
तोंड तेवढं बाहेर.

घेरडीचा माळ नऊलाच तापतो.
धुळा म्हणतो, दगड बोलायला लागलं की थांबायचं.
दगड बोलतात खरंच,
तड् करून, एखादाच शब्द.

बाभळ एकच. तिच्याखाली घोडी, कोकरं, मी.
मेंढरं उघड्यावर गोल करतात,
एकमेकींच्या पोटाखाली डोकी खुपसतात.
प्रत्येकीला दुसरीची सावली.
कडेच्या मेंढीला कुणाचीच नाही.
धुळा तिच्या अंगाला जाऊन उभा राहतो.
भर दुपारी माणसाची सावली केवढी?
एका तोंडापुरती.

गेल्या साली चारलेल्या उतारावर
आता तार आहे. तारेआड काचाच काचा,
आभाळाकडं तोंड करून निजलेल्या.
खाली गार सावली, ओळीनं, कुणी न बसलेली.
काचा धुतात, पाणी ठिबकतं,
म्हणून खाली हिरवंगार.
मेंढरं तारेला नाकं लावून वास घेतात नुसता.

राखणीचा पोरगा इराप्पा, कोळ्याचा.
"गेट उघडता येत नाही, मामी. वर कॅमेरा आहे."
मी कुठं म्हणलं उघड म्हणून?
मग तो पाइप घेऊन
शेवटच्या ओळीपाशी गेला आणि धूतच राहिला.
धूळ फार बसली असंल तिथं.
पाण्याची बारीक करंगळी
तारेखालून आमच्याकडं आली.
त्यानं एकदाही मागं वळून बघितलं नाही.

दिवस बुडताना मंगळवेढ्याच्या काळ्या रानात.
मालक म्हणतो, तीन राती बसवा, दोन पायल्या देतो.
धुळा म्हणतो, चार.
अडीचवर तुटतं, दर साली तुटतं तसंच.
वाघर ठोकली. माया आपापली पिल्लं हुंगून घेतात,
चुकलेल्याला ढुशी मारून हाकलतात.
मला शंभराच्या पुढं मोजता येत नाही,
मी तोंडं बघत जाते.
कान चिरलेली, काळ्या डोळ्याची, ती खोकणारी.
सगळी आली.

लांब, ओढ्याच्या अंगाला, लांडगा.
कुत्रं उठतं, कान टवकारतं, परत बसतं.
धुळानं घोंगडं वाघरीला लागून टाकलंय,
कडेच्या मेंढीपाशी.
जाळीला दुसरीही कड असते.
मी परात पालथी घालते,
माझं अंथरूण उचलते.