हँडल

खानापूरच्या बाजारात, मलप्रभेच्या अंगाला,
बैल बांधायच्या जागेवर आमचा तंबू.
मी तेरा वर्षांचा. काम एकच, हँडल फिरवायचं.
पडद्याशेजारी वेताची छडी घेऊन मास्तर हुद्दार.
इंग्रजी पाटी आली की आधी मराठीत सांगायचे, मग कानडीत,
आणि पाटीवर नसलेलंही थोडं, दोन्हींत.

बगदादकडची मोहीम. सरकारनं फुकट दिलेली फिल्म,
तिकीट तरीही एक आणा.

धूर. तोफा. एक साहेब, त्याच्या मिशा, आणखी एक साहेब.
मग पळणारी माणसं, डोक्यावर बोजे.
“शत्रूची दाणादाण!” टाळ्या.
मागून कुणीतरी म्हणालं, “शत्रू कुठला?
गावची माणसं ती. बाई हाय बगा त्यात, घागर घेतल्याली.”
छडी घागरीवर जराशी अडली.
फिल्म अडली नाही.

तो लुमाण्णा, नंदगडचा, पलटणीत खेचरं हाकलेला,
डाव्या हाताला दोनच बोटं.
होड्यांच्या पुलावर खेचरं आली तसा उठून उभा राहिला.
“बस की खाली!” मागचे ओरडले.
“चौथं. फाटक्या कानाचं. गुंडी माझी.”
त्यानं जीभ टाळ्याला लावून आवाज काढला
आणि खेचरानं कान हलवला.
(तो कान रोजच तिथं हलायचा.)

“थांबीव रे पोरा, वाईच.”
थांबवलं तर दिव्याच्या आचेनं फिल्म पेटते.
मी हळू फिरवलं.
बाळंतीण पहिल्यांदा अंगणात येते
तशी गुंडी पाण्यावरून चालली.

पाच रात्री आला. पाच आणे.
पाचव्या रात्री तंबूमागं बिडी पेटवत म्हणाला,
परतीच्या बोटीत माणसांपुरतीच जागा.
खेचरं बसऱ्यातच, रांगेत उभी करून…
पुढचं कानडीत बोलला.
मला कानडी येत होतं.

मास्तर घोरायला लागल्यावर कात्री घेतली.
पुलाच्या मधला दोन हात तुकडा.
टोकं चिकटवली.
सकाळी लुमाण्णानं तो उन्हाला धरला,
अंगठ्यानं एकेक मोजत अठ्ठेचाळीस गुंडी,
आणि गुंडाळून तंबाखूच्या डबीत घातला.
तंबाखू? ती मला दिली, पानात बांधून.

पुढच्या आठवड्यात संकेश्वर.
चौथं खेचर अर्ध्या पुलावरून
एकदम पलीकडच्या काठावर.
तंबू हसला.
मास्तरांनी माझ्याकडे पाहिलं,
मग छडी उचलून आधी मराठीत, मग कानडीत सांगितलं,
सरकारी खेचरं, मंडळी. उड्या मारतात.