वार

फायनल त्यांची रविवारी संध्याकाळी,
आमची सोमवारी पहाटे पाचला.
अंबडच्या तिसऱ्या मजल्यावर फेब्रुवारीची थंडी,
शाली, कानटोप्या, आम्ही सतराजण,
प्रत्येकाच्या वाट्याला खेळाचा एकेक तुकडा.
माझ्याकडे पळणारे.
धावा नव्हेत, नुसतं धावणं:
कोण किती पळाला, कुठे आडवा झाला,
गुडघा टेकला तेव्हा तो बेदाण्याच्या आकाराचा चेंडू
कोणत्या रेघेवर होता.

नोकरी लागली तेव्हा अण्णांना समजावत बसले होते,
चार प्रयत्न, दहा यार्ड, नाहीतर चेंडू समोरच्यांना.
अण्णा म्हणाले, यार्ड म्हणजे आपला वारच की.
आणि मग जरा थांबून,
म्हणजे नऊवारीलाही एक वार कमीच पडतो.

तेव्हापासून नवव्या यार्डावर कोसळणाऱ्याला
आमचा अख्खा मजला नऊवारी म्हणतो.
अमेरिकेत कुणाला माहीत नाही.

अण्णा अडतीस वर्षं मेन रोडला कापडाच्या दुकानात.
गज जाऊन मीटर आला तरी
सिन्नर-दिंडोरीच्या बायका वारातच मागायच्या,
अण्णा मनातल्या मनात हिशोब करून
मांजरपाट, पॉपलीन, लठ्ठा टरकावायचे.
एकदा मी म्हटलं, तुमचेही काढू या,
दिवसाला इतके, वर्षाला इतके, एकूण वार किती.
ते म्हणाले, गिऱ्हाईक घरी घेऊन गेलं
ते आपण मोजायचं नसतं.

तर फायनल.
बावीस नंबरचा पोरगा, मान बैलासारखी,
शेवटच्या सात मिनिटांत तीनदा गर्दी फोडून निघाला.
एका फायनलमध्ये सर्वांत जास्त पळण्याचा विक्रम
एकतीस वर्षं जुना,
आणि तो मोडला
एका यार्डाने.
समालोचक किंचाळले, आमचा तुषार टेबलावर चढला,
तिकडे आकाशातून कागदाचे तुकडे पडायला लागले
आणि जिंकलेल्यांच्या टोप्या आल्या, आधीच छापलेल्या.
(हरलेल्यांच्याही छापतात म्हणे. त्यांचं पुढे काय होतं
हे मला कुणी नीट सांगत नाही.)

माझं काम त्यानंतर सुरू होतं.
एकेक धाव पुन्हा, एकेक चित्र थांबवून.
दुसऱ्या सत्रातली एक साधी धाव, कुणाच्या लक्षातही नाही,
आठ लिहिलीय.
गुडघा गवताला लागला तेव्हा चेंडू
सातवरच.
पुढे सरकला तो नंतर, अंगाखाली.

मी चहा आणला. परत पाहिलं. सातच.

निखत म्हणाली, खाली गाडी थांबलीय,
सगळ्यांची सही झालीय, तू कशाला?
खिडकीबाहेर कंपनीच्या भोंग्यावर माणसं आत चालली होती,
डबे, मफलर, सायकली.
मला अण्णांचा अंगठा दिसला, कापडाच्या काठावर,
ताणत नाहीत, सैलही सोडत नाहीत.
ताणून मोजलेलं घरी जाऊन आखडतं,
आणि शिव्या दुकानाला पडतात.

सात, मी लिहिलं.
सोबत ते चित्र जोडलं.
गाडीत पाथर्डी फाट्यापर्यंत पोट दुखत होतं.

बुधवारी एका ओळीचं उत्तर आलं: नोंद दुरुस्त केली.
आता तक्त्यात दोन नावं आहेत,
एकाच चौकटीत, मध्ये स्वल्पविराम.
तो बावीस नंबर मला ओळखत नाही हे बरं आहे.

अण्णांना सांगितलं तेव्हा ते मटार सोलत होते.
मला वाटलं, शाबास म्हणतील.
ते म्हणाले, जुना तो, एकतीस वर्षांपूर्वीचा, असेल अजून?
असेल, सत्तरीला आला नसेल.
मग त्याला फोन करा म्हणावं कुणीतरी, अण्णा म्हणाले,
रविवारपासून तो
मोडलाय असं समजून बसला असेल.