ओठ मिटतात तेव्हा

ताडदेवला अंडीवाल्याच्या दुकानावर
भिंतींना गोणपाट ठोकून केलेला स्टुडिओ होता.
अकराव्या वर्षी तिथे मी मुलगा झाले.
यॉर्न त्याचं नाव. गुडघा खरचटलेला, खिशात दोरी,
बापाचा तराफा पळवून नदीतून निघालेला,
मागावर तीन तस्कर, सोबत एक लंगडं कुत्रं.
(कुत्र्याचं भुंकणं रेकॉर्डिस्ट मेनेझिसचं.
त्याचे त्याला वेगळे पंचवीस रुपये.)

मूळ गोष्ट कुणा हेल्मुट ग्राइफनाउ यांची.
मराठी संवाद माझगावच्या तळकर बाईंचे.
त्यांना जर्मन कुठून येतं ते विचारायचं नाही,
असं आईने जिन्यातच बजावलेलं.

पडद्यावर पोरगा तोंड उघडायचा
आणि बाई पेन्सिल वर धरायच्या.
प, ब, म आलं की त्याचे ओठ मिटतात,
तुझेही मिटले पाहिजेत.
बाकी काय बोलतेस ते मी बघते.

म्हणून तस्करांना 'मेल्या' म्हणायची मुभा मिळाली,
जी घरी नव्हती.
म्हणून जर्मनीतल्या त्या गोड्या पाण्यात
बार्श नावाच्या माशाचा बांगडा झाला.
वरळी कोळीवाड्यातून एका मुलाचं कार्ड आलं:
नदीत बांगडा? आमच्या घरी येऊन विचारा.
बाईंनी ते कार्ड बरीच वर्षं पर्समध्ये ठेवलं होतं.

अडलं ते शेवटाला.
काठावरून एक बाई धावत येते
आणि यॉर्न ओरडतो, मामा.
दोनदा ओठ मिटतात, स्वच्छ, जवळून घेतलेले.
मामाच ठेवलं तर अख्खा महाराष्ट्र
झाडीतून मामा बाहेर यायची वाट बघत बसेल.
मम्मी बाईंना नको. अम्मा मेनेझिसला चाललं असतं.
आणि आई म्हणायला तर आ करावा लागतो,
दाताच्या डॉक्टरपुढे करतात तसा.

चौदा टेक झाले.
काचेपलीकडे स्टुलावर माझी आई
मांडीवर डबा धरून पेंगत होती.
पंधराव्या टेकला मी पडद्याकडे बघितलंच नाही.

गेलं तसंच, रविवारी सकाळी, घराघरांत.
पोराचे ओठ मिटलेले, आणि आई ऐकू येतेय.
कुणी कार्ड पाठवलं नाही.

एकोणीस वर्षांनी ते मुंबईत आले.
काळा घोड्याजवळच्या एका सभागृहात,
मोज्यांवर नव्या कोल्हापुरी घालून
पहिल्या रांगेत बसले, डोळे मिटून ऐकत.
दिवे लागल्यावर विचारलं, तो मुलगा कुठाय?
मी उठले. बँकेतून थेट आलेली, हातात छत्री, पर्स, कोथिंबीर.
ते इतके हसले की त्यांना पाणी द्यावं लागलं.

मग बाईंच्या तोंडून सांगू लागले:
पुस्तकात हे नाही.
पुस्तकात काठावर कुणीच येत नाही.
मुलगा तराफा बांधतो, गाठ पुन्हा ओढून बघतो
आणि तिथेच बसून राहतो.
सिनेमावाल्यांना कुणीतरी यायला हवं होतं.
मी पैसे घेतले. घराचं छप्पर गळत होतं.

आणि तो शब्द कुठला,
जिथे तोंड आणि आवाज जुळत नव्हते?

आई, मी म्हटलं.
त्यांनी म्हणून बघितला. आ. ई.
म्हातारा जबडा, कवळी थोडी सरकलेली.

मग ते आणखी एक वाक्य बोलले, लांबलचक,
माझ्याकडे नाही, तळकर बाईंकडे बघून.
बाई जराशा थांबल्या.
मराठीत एवढंच म्हणाल्या, ते दमलेत.

खाली टॅक्सी मिळेपर्यंत मी विचारलं नाही.
पुढेही नाही. आता दोघंही नाहीत.

पण सवयीने मी त्यांच्या तोंडाकडे बघत होते.
त्या वाक्यात ओठ चारदा मिटले,
शेवटचे दोन लागोपाठ.
अजून कधी रात्री भांडी पुसताना
मी त्यात मराठी बसवून बघते.