गुरुवारचं काम

गुरुवारी भोसरीत शेडची शटर्स खाली असतात,
कोपऱ्यावरचा चहावालाही उठत नाही.
अशा गुरुवारी तो आला. खांद्यावर गोणपाट,
गोणपाटात शाफ्ट,
रात्रभर एस.टी.त मांडीवर धरून आणलेली.
कंडक्टरनं लगेजचं तिकीट फाडलं, म्हणे,
हिला बसायला जागा दिलीस, मग पैसेही दे.

इर्शाद मुकादम. प्रधान यांत्रिक, तटरक्षक दल.
गाव दाभोळच्या अलीकडं.
चलानावर जहाजाचं नाव होतं,
त्यावर नेमका तेलाचा अंगठा.
मी विचारलं नाही. समुद्र मी दोनदाच पाहिलाय:
एकदा लग्नानंतर हर्णैला,
एकदा न्हावाशेवाला, मशीन सोडवायला गेलो तेव्हा,
आणि तेव्हा कंटेनरच्या मधून, वीतभर.

समुद्रपाण्याचा पंप, तो म्हणाला,
इंजिन थंड ठेवतो. तो बसला की जहाज बसलं.
उद्या रात्री सुटायचंय.

शाफ्ट व्ही-ब्लॉकवर ठेवून मी हातानं फिरवली.
या टोकाला रेघा, केसाएवढ्या, गोल गोल.
वाळू ओढलीय तुम्ही, मी म्हणालो.
तो हसला. खाडीच्या तोंडाशी.
चोरट्या डिझेलची होडी उथळात शिरली, आम्ही मागं.
बुडाखाली हातभर पाणी.
साहेब म्हणतात, अजून थोडं.
मिळाली?
मिळाली. दोन पोरं आणि एक म्हातारा.
म्हाताऱ्याला आमच्याच जहाजावर पाणी पाजलं.

मधे खड्डे खड्डे, देवीच्या व्रणांसारखे.
हे उभं राहून झालं. एकवीस दिवस एका जागी,
फुटलेल्या टँकरभोवती तेलाची साय आवरत.
जहाजाला धावणं सोसतं, उभं राहणं नाही.
भीमशा, माझा हेल्पर, म्हणाला,
माझ्या बापाचे गुडघे असेच गेले. वॉचमन होता.

मग ही बाजू.
एकाच अंगानं बावीस शतांश खाल्लेली.
मायक्रोमीटर पुसून पुन्हा लावला. बावीस.
याबद्दल तो बोलला नाही.
डबा काढला, तांदळाची भाकरी, सुकटीची चटणी,
तिघांत वाटली.
मग म्हणाला, वादळात एक मच्छीमार बोट बंद पडली होती.
जवळ जावं तर आदळते, लांब राहावं तर बुडते.
मग आम्ही वाऱ्याच्या अंगाला आडवे उभे राहिलो.
लाटा आमच्यावर, तिला आडोसा.
नऊ तास एका कुशीवर.
खलाशी सात होते.
भीमशानं विचारलं, सातही...
भाकरी खा, तो म्हणाला.

वेल्डिंगनं भरण चढवलं. थंड होईतो कुणी बोललं नाही.
मग लेथ.
माझं काम तसं पाहिलं तर पुसायचं काम.
निळसर मोड वळ्या घेत ट्रेमध्ये पडत राहिला,
शेवटी उरलेल्या रेघाही गेल्या त्यातच.
शुक्रवारी भंगारवाला किलोवर नेतो.

शेवटचा कट घेताना तो वाकला.
त्या बाजूची थोडी खूण राहील का?
राहील, पण मग थरथरेल.
मग नको.

बिलावर लिहिलं: दुरुस्ती, नग एक.
नाशिक फाट्याला त्याला रात्रीची गाडी मिळाली,
शाफ्ट पुन्हा मांडीवर.

सतरा दिवसांनी फोन. नंबर अनोळखी,
आवाज फाटलेला. म्हणाला, ऐका,
आणि फोन कुठंतरी धरला.
मी हात वर केला. भीमशानं लेथ बंद केला,
शेजारच्या शेडलाही ओरडून थांबवलं.
आधी नुसता घोंगाट.
मग त्याच्या आत, खाली, पंप.
आवाज गोल होता.
गोल आहे, मी म्हणालो, गोल आहे,
पण तोवर रेंज गेली होती.