पाचशे वीस ग्रॅम

दादांनी आधी त्याचं वजन केलं.
तुर्भ्याच्या मार्केटात, लसणाच्या गाळ्यावर
कोंडीबा तोलणाराने काट्यावरची सालं फुंकली,
व्हायोलिन ठेवलं, शेजारी गज.
पाचशे वीस ग्रॅम.
"एवढंच?" दादा म्हणाले.
पन्नास किलोच्या गोणीखाली ज्याची उंची थांबली
त्या माणसाला फसवल्यासारखं वाटलं.

वृषालीला आठवं लागलं होतं.
कोपरखैरण्याची आमची माथाडी खोली,
पाच माणसं, आणि आता हे सहावं,
ज्याला दमट हवा सोसत नाही.

शिकवणारे अलॉयसियस मास्तर, वाशीचे,
तीस वर्षं स्टुडिओत, मागून तिसऱ्या रांगेत,
चाळीस व्हायोलिनांतलं एक.
"माझं वाजवणं," ते म्हणायचे,
"मला स्वतःलाच कधी वेगळं ऐकू आलं नाही."

पहिलं वर्ष नुसत्या मोकळ्या तारांचं.
गज खाली, गज वर, घोडीला समांतर,
पंखा बंद, कारण कागद उडतात.
राळेची पांढरी पूड आईच्या डब्यांवर बसायची.
शेजारच्या पारूमावशी विचारत,
"तुमच्या दाराला तेल घालत नाही का कोणी?"

मग लसणाच्या पाकळ्या आल्या.
दहा पाकळ्या डावीकडे.
एक ओळ बिनचूक वाजली की एक उजवीकडे.
नवव्याला चुकली
की सगळ्या परत डावीकडे.
कितीतरी रात्री आमटीला फोडणी
साडेदहानंतर बसली.

मीही शिकलो सहा महिने.
मास्तर म्हणाले, तुझा कान बरा आहे.
बरा हा शब्द
मी अजून कुणासाठी वापरत नाही.
पेटी मात्र मीच उचलायचो,
डेपोपासून मास्तरांच्या जिन्यापर्यंत,
पोटाशी धरून, उन्हाच्या बाजूला माझी पाठ.

चौदाव्या वर्षी तिच्या मानेवर डाग पडला,
हनुवटीखाली, डावीकडे, तपकिरी.
वर्गातल्या मुली कुजबुजल्या.
आईने हळद उगाळली.
दादांनी सदरा काढला,
खांद्यावरचं काळं चामडं दाखवलं:
"काही लावू नकोस. लावलं की मऊ पडतं,
मग पुन्हा पहिल्यापासून सोलतं."
आमच्या घरात संगीतावर
एवढीच चर्चा झाली.

पुढचं थोडक्यात सांगतो, कारण मी तिथे नव्हतो.
थंड देशातली खोली. भिंतीवर ठोकणारे शेजारी.
रोज सहा तास, तापात चार.
विळी नाही, बांगडी नाही, बर्फात पडली तरी
आधी हात वर.
फोनवर ती माझ्याशी बोलायची तेव्हा
तिची बोटं टेबलावर चालत असायची.
मला ऐकू यायचं.

काल वाशीला वाजवलं तिने.
मागे वाद्यवृंद, पुढे ती एकटी उभी.
आम्हाला पहिल्या रांगेची तिकिटं,
मास्तर मात्र उठून गेले,
मागून तिसऱ्या रांगेत बसले.
सवय, म्हणाले.

दुसऱ्या भागात तार तुटली.
तिने मागे वळून पाहिलंही नाही, हात लांब केला,
जवळच्या वादकाने आपलं व्हायोलिन तिला दिलं,
आणि सूर जिथे होता तिथून
तिने तो उचलला.

दादा माझ्या कानाशी लागले:
"दुसऱ्याचं घेतलंय. वजन वेगळं असणार."
जिन्यावर गड्याची कंबर धरते,
मागचा बोलत नाही, गोणी खांद्यावर घेतो,
हे त्यांनी चाळीस वर्षं पाहिलेलं.
बाकी काय वाजलं
ते त्यांना कळलं की नाही, मी विचारलं नाही.
त्यांचा उजवा खांदा थोडा पुढे आला होता.

घरी जेवताना ती तुटकी तार
त्यांनी तिच्याकडून मागून घेतली.
आज पहाटे, रिटायर झालेला माणूस,
तुर्भ्याला गेला.
गाळ्यावर आता कोंडीबाचा मुलगा बसतो.
तार गुंडाळून काट्यावर ठेवली.

आकडा शून्यावरच राहिला.
पोरगा हसला, "काका, मांडू का हिशेबात?"

दादा म्हणाले,
"मांड."